एकच रेषा दहा वेळा काढायचा वैताग या रेनोच्या इंजिनियरने संपवला, म्हणून आज तुमच्या मोबाईलवरची अक्षरं फाटत नाहीत

मोबाईलवर हा लेख वाचताय ना? मग एक काम करा. दोन बोटांनी स्क्रीन ताणून अक्षरं मोठी करा. अजून मोठी करा. 'श'ची गाठ बघा, 'ळ'ची दोन वेटोळी बघा. कुठेच काही फाटत नाही. फोटो असा ताणला की त्याचे चौकोनी ठिपके दिसायला लागतात. अक्षरांचं तसं होत नाही.

कारण मोबाईलमध्ये अक्षराचं चित्र साठवलेलंच नसतं. तिथे असतात मोजके बिंदू, आणि त्या बिंदूंवरून रेषा कशी वळवायची याचं एक गणित. तुम्ही अक्षर मोठं केलं की मोबाईल ते गणित पुन्हा करतो आणि रेषा नव्याने काढतो.

गल्लीतला फ्लेक्सवाला कोरल ड्रॉमध्ये भाऊंच्या वाढदिवसाचं नाव वळणदार करतो, तेव्हा तो हेच बिंदू ओढत असतो. इंजिनियरिंगची पोरं कॅडमध्ये गाडीचं बॉनेट काढतात, तेव्हाही हेच बिंदू. डिझाइन शिकणारी पोरंपोरी याला 'बेझियर कर्व्ह' म्हणतात. पण हे ज्या माणसाचं नाव आहे, तो फ्रेंच होता आणि त्याच्या नावाचा उच्चार होतो बेझिए. पिएर बेझिए.

गंमत म्हणजे या माणसाचा अक्षरांशी काही संबंध नव्हता. तो होता रेनो या कार कंपनीतला इंजिनियर. त्याचा प्रश्न साधा होता. एका गाडीचा आकार ठरला, की तीच रेषा कंपनीतली वेगवेगळी माणसं पुन्हा पुन्हा हाताने का काढत बसतात?

या एका प्रश्नाच्या मागे लागून तो कुठपर्यंत गेला, त्याची ही गोष्ट.

इंजिनियरचा पोरगा, इंजिनियरचा नातू

पिएर बेझिएचा जन्म १ सप्टेंबर १९१० चा, पॅरिसमधला. बाप इंजिनियर, आजाही इंजिनियर. त्यामुळे पोरगा कुठल्या लाईनला जाणार हा प्रश्नच नव्हता. पॅरिसच्या आर्ट्स ए मेतिए या नावाजलेल्या संस्थेतून त्याने १९३० मध्ये मेकॅनिकलची पदवी घेतली. एवढ्यावर भागलं नाही म्हणून पुढच्याच वर्षी इलेक्ट्रिकलचीही घेतली.

१९३३ मध्ये तो रेनोत लागला. तेव्हा त्याला कोणी सांगितलं असतं, की बाबा तू इथे ४२ वर्षं काढणार आहेस, तर त्याने विश्वास ठेवला असता की नाही कोण जाणे. पण झालं तसंच.

सुरुवात झाली टूलिंगमधून. टूलिंग म्हणजे काय, तर जी यंत्रं आणि साधनं वापरून गाडीचे भाग बनतात, ती बनवणारा विभाग. पार्ट पकडून ठेवणारे जिग-फिक्श्चर, पत्रा दाबून आकार देणाऱ्या डाय, भोकं पाडायची साधनं, सगळं तिथलं. चाकण किंवा पिंपरीच्या टूलरूममध्ये काम केलेल्या माणसाला हे वेगळं सांगायला नको. गाडी विकत घेणाऱ्याला टूलरूम कधी दिसत नाही. पण टूलरूममध्ये एका केसाएवढी चूक झाली, तर ती पुढे हजारो गाड्यांमध्ये जशीच्या तशी छापली जाते.

बेझिए आधी टूल सेटर होता, मग टूल डिझायनर झाला आणि १९४५ मध्ये टूल डिझाइन ऑफिसचा प्रमुख.

ते वर्ष रेनोसाठीही उलथापालथीचं होतं. महायुद्धात फ्रान्सवर जर्मनांचा ताबा होता आणि रेनोचे कारखाने त्यांच्यासाठी चालले होते. फ्रान्स मुक्त झाल्यावर कंपनीचा मालक लुई रेनो याला अटक झाली आणि ऑक्टोबर १९४४ मध्ये त्याचा मृत्यू झाला. जानेवारी १९४५ मध्ये सरकारने कंपनी ताब्यात घेतली. आता या सरकारी कंपनीला मोडलेल्या देशासाठी स्वस्त, छोटी गाडी बनवायची होती. आणि ती सुद्धा लाखांनी.

आधी यंत्रांना कामाला लावलं

ती गाडी होती रेनो ४सीव्ही. १९४६ च्या पॅरिस मोटार प्रदर्शनात ती लोकांना दाखवली. १९६१ मध्ये ती बंद झाली तोवर ११ लाखांहून जास्त गाड्या बनल्या होत्या. दहा लाखांचा टप्पा ओलांडणारी ही पहिली फ्रेंच गाडी.

एवढे इंजिन आणि गिअरबॉक्स बनवायचे कसे? जुनी पद्धत अशी, की एक कामगार एका मशीनवर पार्ट चढवणार, घट्ट आवळणार, भोक पाडणार, उतरवणार आणि ट्रॉलीत टाकणार. ट्रॉली पुढच्या मशीनकडे. तिथे दुसरा कामगार पुन्हा चढवणार, पुन्हा आवळणार. या सगळ्यात धातू कापायला लागणारा वेळ थोडा आणि चढव-उतरव फार. शिवाय दर वेळी नव्याने पकडलं, की पार्ट किंचित इकडेतिकडे होण्याचा धोका आलाच.

यावर उपाय होता ट्रान्सफर लाईन. पार्ट एका टोकाने आत जातो, आपोआप एका ठाण्यावरून दुसऱ्या ठाण्यावर सरकतो, प्रत्येक ठाण्यावर ठरलेली यंत्रं आपापलं काम करतात आणि शेवटी तयार पार्ट बाहेर पडतो. ४सीव्हीचे बहुतेक यांत्रिक भाग बनवणाऱ्या अशा लाईन उभ्या करायची जबाबदारी बेझिएकडे होती. १९४८ मध्ये तो प्रॉडक्शन इंजिनियरिंगचा संचालक झाला होता. १९५७ मध्ये मशीन टूल विभागाचा संचालक झाला. तिथे त्याने आकड्यांच्या हुकमावर चालणारं ड्रिलिंग-मिलिंग मशीन बनवून घेतलं. युरोपातल्या अशा पहिल्या काही मशीनपैकी ते एक.

म्हणजे पन्नाशीला टेकेपर्यंत या माणसाने शॉप फ्लोअरवरची तेच-ते कामं यंत्रांकडे सोपवण्यात हात बसवला होता. पण कंपनीत एक विभाग असा होता, जिथे अजूनही सगळं जुन्या पद्धतीने चाललं होतं. गाडीची बॉडी काढणाऱ्या ड्रॉइंग ऑफिसचा.

खरा घोळ इथे होता

इंजिनाचा पार्ट कागदावर उतरवणं त्यामानाने सोपं. गोल भोक आहे, त्याचा व्यास लिहा. सपाट बाजू आहे, तिचं अंतर लिहा. दोन-चार आकडे दिले, की जगातल्या कुठल्याही कारखान्यात तोच पार्ट बनेल.

पण गाडीच्या बॉनेटचं वळण? दरवाजाचा तो हलकासा फुगवटा? त्याला ना त्रिज्या, ना कोन. तो आकार आकड्यात बसत नव्हता, म्हणून तो हातोहात पुढे जायचा. कसा, ते बघा.

आधी स्टाइलिस्ट छोटं चित्र काढणार. त्यावरून मातीचं मॉडेल बनणार. मॉडेलवरून मापं घेऊन ड्राफ्ट्समन गाडीएवढं मोठं ड्रॉइंग काढणार. कशाने? आपल्याकडे डिप्लोमाच्या पोरांच्या दप्तरात असायचे तसले फ्रेंच कर्व्ह आणि वाकवता येणाऱ्या लांब पट्ट्यांनी. त्या ड्रॉइंगवरून ठिकठिकाणच्या छेदांचे फर्मे कापले जाणार. फर्म्यांवरून कारागीर पूर्ण मापाचं मास्टर मॉडेल घडवणार. त्या मास्टर मॉडेलवरून नक्कल करून पत्रा दाबायच्या डाय तयार होणार.

आता मोजा. एक आकार, पण तो किती हातांनी किती वेळा नव्याने काढला? आणि दर वेळी काढणाऱ्याने त्यात नकळत थोडं आपलं घातलंच. ड्रॉइंगमध्ये दोन छेदांच्या मधली जागा मोकळीच असायची. तिथे आकार कसा जातो, ते कारागिराने अंदाजाने ठरवायचं.

लहानपणी कानगोष्टींचा खेळ खेळला असाल. पहिल्याने सांगितलेलं वाक्य शेवटच्यापर्यंत पोचतं तेव्हा काय होतं, ते माहीतच आहे. किंवा गणपतीच्या मूर्तीचं घ्या. साच्यातून मूर्ती काढली, त्या मूर्तीवरून पुन्हा साचा काढला, असं करत गेलं की दर खेपेला नाकडोळे बोथट होत जातात. चूक एका कोणाची नसते, पण मूर्ती बदलते.

रेनोत तेच व्हायचं. शेवटी ड्रॉइंग एक सांगायचं आणि मास्टर मॉडेल दुसरंच दाखवायचं. मग खरं कोणाचं? व्यवहारात मास्टर मॉडेलचं खरं मानलं जायचं. पण वाद व्हायचेच. स्टाइलिस्ट म्हणणार माझा आकार असा नव्हता, ड्राफ्ट्समन म्हणणार मी बरोबर काढलंय, डाय बनवणारा म्हणणार मला जे दिलं ते मी केलं. आणि बॉनेट दोन बोटं वर घ्यायचं ठरलं, तर अख्खी साखळी पुन्हा पहिल्यापासून.

या कारागिरांचे हात कसलेले होते यात शंका नाही. उलट त्यांचे हात कसलेले होते म्हणूनच ही पद्धत इतकी वर्षं टिकली. पण त्यांच्या कौशल्याचा बराचसा भाग खर्च कशावर होत होता? दुसऱ्याने आधीच काढलेली रेषा पुन्हा काढण्यावर.

आकाराला आकडे द्यायचे

१९६० च्या सुमारास बेझिएने ठरवलं, की ही साखळीच तोडायची.

त्याचा विचार असा होता. आकड्यांवर चालणारी मशीन तर आपल्याकडे आहेत. ती आकडे बघून धातू कापतात. मग बॉडीच्या आकारालाच आकडे दिले तर? स्टाइलिस्टपासून डाय बनवणाऱ्यापर्यंत सगळ्यांकडे तेच आकडे जातील. कोणी कोणाची नक्कल करायची गरज नाही. वाद झाला तर आकडे बघायचे.

अमेरिकेतही याच काळात असे प्रयत्न चालू होते. १९६३ मध्ये आयव्हन सदरलंड या विद्यार्थ्याने स्केचपॅड हा स्क्रीनवर चित्र काढायचा प्रोग्रॅम दाखवला. १९६४ मध्ये जनरल मोटर्स आणि आयबीएमने गाडीच्या डिझाइनसाठी बनवलेली डॅक-१ ही यंत्रणा लोकांसमोर आली. म्हणजे कल्पना हवेत होती. बेझिएचं वेगळेपण होतं ते त्याने समोर कोणता माणूस धरला यात.

त्याने समोर धरला तो ड्राफ्ट्समन. ज्याला भूमिती पक्की येते, ज्याची नजर तयार आहे, पण ज्याचा उच्च गणिताशी संबंध नाही. अशा माणसाला समीकरणं लिहायला लावली, तर यंत्रणा पहिल्याच दिवशी कपाटात जाणार. त्यामुळे गणित आतमध्ये लपलं पाहिजे आणि बाहेर ड्राफ्ट्समनला फक्त काहीतरी धरून ओढता आलं पाहिजे.

पहिली कल्पना त्याला अशी सुचली. एक घनाकृती खोकं घ्या. त्यात दोन नळकांडी एकमेकांना छेदतात, त्या छेदाची वळणदार रेषा घ्या. आता खोकं तिरकं करा, ताणा, दाबा. खोक्याबरोबर आतली रेषाही तशीच बदलेल. म्हणजे रेषेला हात लावायचाच नाही, खोक्याला लावायचा. पुढे त्याने नळकांडी सोडली, त्यांच्या जागी बीजगणितातल्या बहुपदी घेतल्या आणि खोक्याची जागा काही मोजक्या रेषाखंडांच्या साखळीने घेतली.

चौकटीच्या वहीत करून बघा

हे कळायला गणिताची पदवी लागत नाही. चौकटीची वही घ्या. लांबी-रुंदी चार-चार चौकटींची धरून एक चौरस काढा. डावीकडचा खालचा कोपरा पहिला बिंदू, डावीकडचा वरचा दुसरा, उजवीकडचा वरचा तिसरा आणि उजवीकडचा खालचा चौथा.

आता डावी, वरची आणि उजवी या तीन बाजूंचे मध्य काढा. तीन बिंदू मिळाले. ते क्रमाने जोडा, दोन रेषा मिळाल्या. त्यांचे मध्य काढा, दोन बिंदू. ते जोडा, एक रेषा. तिचा मध्य काढा. हा शेवटचा बिंदू तळापासून बरोबर तीन चौकटी वर आणि डाव्या-उजव्या बाजूंच्या बरोबर मधोमध येईल.

हा झाला तुमच्या वळणावरचा एक बिंदू. मध्याऐवजी पाव अंतरावर हेच सगळं केलं की दुसरा बिंदू, पाऊण अंतरावर केलं की तिसरा. असे भरपूर बिंदू काढले, की पहिल्या कोपऱ्यातून निघून चौथ्या कोपऱ्यात उतरणारी एक सुबक कमान तयार होते. वरचे दोन कोपरे कमानीला शिवत नाहीत, फक्त तिला आपल्याकडे ओढतात. त्यातला एक बिंदू हलवा, कमान लगेच त्या बाजूला झुकते.

दर टप्प्याला काम एकच आहे. अंतर मोजा, जोडा, पुन्हा मोजा, पुन्हा जोडा. माणूस दहाव्या बिंदूला कंटाळेल. कॉम्प्युटर कंटाळत नाही. आणि लक्षात ठेवायचं काय, तर फक्त चार बिंदू. अख्खी कमान त्या चारांमध्ये बसली.

पत्र्याच्या पृष्ठभागासाठी हीच युक्ती दोन दिशांनी वापरायची. चार गुणिले चार, म्हणजे १६ बिंदूंचं एक जाळं. जाळ्याचा एक बिंदू उचलला, की पत्रा तिथे फुगतो. असे तुकडे एकमेकांना नीट जोडत गेलं, की गाडी तयार.

ही वहीतली पद्धत नेमकी कोणाची, यात एक ट्विस्ट आहे. तो पुढे येतोच आहे.

युनिसर्फ

बेझिएने या सगळ्याची जी यंत्रणा बनवली, तिचं नाव युनिसर्फ. नुसतं गणित कागदावर मांडून तो थांबला नाही. त्याने पूर्ण मापाची रेषा काढणारी ड्रॉइंग मशीन उभी केली आणि त्याच आकड्यांवरून मॉडेल कोरणारी मिलिंग मशीनही. डिझायनरने आकडे दिले, की मशीन मोठ्या कागदावर रेषा काढून दाखवणार. पसंत नाही? बिंदू सरकवा, पुन्हा काढा. पसंत पडली, की तेच आकडे मिलिंगला. मधे कोणाला मापं उतरवून घ्यायची गरज नाही.

बॉनेट दोन बोटं वर घ्यायचं आहे? आता साखळी पहिल्यापासून फिरवायची नव्हती. काही बिंदू बदलायचे, बाकीचं यंत्र करणार.

माणूस मिश्कील होता. आपल्या गणितातली सूत्रं तो ओनेझिम द्युराँ नावाच्या एका प्राध्यापकाच्या नावावर खपवायचा. असा कोणी प्राध्यापक अस्तित्वातच नव्हता.

१९६८ मध्ये युनिसर्फ सुरू झालं आणि १९७५ पर्यंत ते पूर्ण वापरात आलं. त्याच वर्षी बेझिए रेनोतून निवृत्त झाला.

यात काही गमावलं गेलं का? गेलं. फर्मा हाताने घासून डोळ्याने जुळवणाऱ्या कारागिराची गरज कमी होत गेली, आणि ते कौशल्य वर्षानुवर्षांच्या सरावाने येतं. हे नाकारण्यात अर्थ नाही. पण आकार चांगला की वाईट, हे ठरवायचं काम यंत्राकडे गेलं नाही. चार बिंदू कुठे ठेवायचे, हे अजूनही माणसाची नजरच ठरवते. नक्कल करायचं काम यंत्राकडे गेलं आणि निवड करायचं माणसाकडे राहिलं. बेझिएने यंत्रणा बनवतानाच ही वाटणी अशी केली होती.

सिट्रोएनच्या तिजोरीतलं गुपित

आता तो ट्विस्ट.

पॅरिसमध्येच रेनोची कट्टर स्पर्धक होती सिट्रोएन. तिथे १९५८ मध्ये पॉल द कास्तेल्जो नावाचा तरुण गणितज्ञ कामाला लागला. त्याच्यापुढेही हाच प्रश्न होता, गाडीच्या वळणांना आकडे कसे द्यायचे. आणि त्याने १९५९ मध्येच उत्तर शोधलं. चौकटीच्या वहीत तुम्ही आत्ता जी पद्धत केली, मध्याचा मध्य आणि त्याचा मध्य, ती त्याची. आज तिला 'द कास्तेल्जो अल्गोरिदम' म्हणतात.

पण सिट्रोएनने हे काम गुपित ठेवलं. स्पर्धकाच्या हाती लागू नये म्हणून अहवाल कंपनीच्या बाहेर जाऊ दिले नाहीत. इकडे बेझिएने वेगळ्या वाटेने जाऊन तेच वळण गाठलं, आणि १९६६ पासून आपलं काम फ्रेंच नियतकालिकात छापायला सुरुवात केली. १९७० मध्ये त्याचं पुस्तक आलं, १९७२ मध्ये त्याचा इंग्रजी अनुवाद आला. जगाला जे वाचायला मिळालं त्यावर बेझिएचं नाव होतं, म्हणून वळणालाही तेच नाव पडलं.

पुढे केंब्रिजच्या रॉबिन फॉरेस्टने दाखवून दिलं, की बेझिएचं गणित बर्नस्टाइन या रशियन गणितज्ञाने १९१२ मध्ये मांडलेल्या बहुपदींच्या भाषेत फार सोपं होतं. म्हणजे मूळ सामान ५० वर्षं पडून होतं. गाडीचा पत्रा वळवायला ते कामाला येईल, हे कोणाच्या डोक्यात आलं नव्हतं इतकंच.

यात चोरीबिरी काही नाही. दोघांनी एकाच शहरात, एकमेकांना न सांगता, एकच गोष्ट शोधली. एकाच्या कंपनीने ती कुलपात ठेवली, दुसऱ्याने ती छापली. ज्याने छापली त्याचं नाव राहिलं. पण द कास्तेल्जोवर अन्याय झाला, हेही तितकंच खरं.

६७ व्या वर्षी पीएचडी

निवृत्तीनंतर बेझिए घरी बसला नाही. १९६८ पासूनच तो पॅरिसच्या एका राष्ट्रीय तंत्रशिक्षण संस्थेत प्रॉडक्शन इंजिनियरिंग शिकवत होता, ते त्याने १९७९ पर्यंत चालू ठेवलं. आणि १९७७ मध्ये, वयाच्या ६७ व्या वर्षी, त्याने पॅरिस विद्यापीठातून गणितात डॉक्टरेट मिळवली. ज्याच्या नावाचं वळण जगभर पोचलं होतं, त्याने गणितातली ही पदवी घेतली ती सगळं करून झाल्यावर.

१९८५ मध्ये त्याला कॉम्प्युटर ग्राफिक्समधला मानाचा स्टीव्हन कून्स पुरस्कार मिळाला. २५ नोव्हेंबर १९९९ रोजी, ८९ व्या वर्षी तो गेला.

तोवर त्याचं वळण गाड्यांच्या कारखान्यातून केव्हाच बाहेर पडलं होतं. १९८४ मध्ये अडोबी कंपनीने पोस्टस्क्रिप्ट आणलं. छपाईच्या पानावर काय कुठे येणार, हे प्रिंटरला सांगणारी ही भाषा. त्यात वळणं होती चार बिंदूंची, बेझिएचीच. पुढे ट्रूटाइप फॉन्टमध्ये तीन बिंदूंचं थोडं सोपं वळण आलं.

छापखान्यात काम केलेले जुने लोक सांगतील, शिशाच्या खिळ्यांच्या काळात अक्षराचा प्रत्येक आकारमानाचा खिळा वेगळा असायचा. बारीक मजकुराचा 'क' वेगळा, मथळ्याचा 'क' वेगळा. आता 'क' एकदाच काढायचा. मोबाईलवरच्या बारक्या मेसेजपासून चौकातल्या वीस फुटी फ्लेक्सपर्यंत तोच चालतो. एक आकार, एकदाच, सगळीकडे. बेझिएला बॉनेटसाठी जे हवं होतं, ते मराठी अक्षरांनाही मिळालं.

आज कॅडवर बसणाऱ्यांसाठी

आज कॅडमध्ये तेच-ते काम टाळायचे खूप मार्ग आहेत. ऑटोकॅडमध्ये १९८६ पासून ऑटोलिस्प आहे, छोटे प्रोग्रॅम लिहून कामं करवून घ्यायला. इतर सॉफ्टवेअरमध्ये मॅक्रो आहेत. एक माप बदललं की बाकीची आपोआप बदलतील अशी ड्रॉइंग बनवता येतात. शंभर फाइलींना नाव-नंबर घालायचं काम मिनिटात होतं.

पण हे सगळं चालतं कशामुळे? ड्रॉइंगमधली रेषा म्हणजे आतमध्ये आकडे आहेत म्हणून. हाताने कागदावर काढलेल्या रेषेला मॅक्रो लावता येत नाही. आधी आकाराचं आकड्यात रूपांतर व्हावं लागलं, मग त्यावर प्रोग्रॅम चालले.

आणि इथेच बेझिएकडून घेण्यासारखं आहे. त्याने ड्राफ्ट्समनला तीच रेषा दुप्पट वेगाने काढायचं यंत्र दिलं नाही. त्याने विचारलं, ही रेषा पुन्हा काढावीच का लागते? कित्येक ऑफिसांत आजही एकच माप तीन ड्रॉइंगमध्ये आणि एका एक्सेलमध्ये हाताने टाइप केलेलं असतं. मग ते चारही ठिकाणी बदलणारा मॅक्रो लिहिला जातो आणि सगळे खूश होतात. पण ते माप एकाच जागी ठेवून बाकीच्यांना त्याला जोडलं, तर मॅक्रोची गरजच उरत नाही. नाहीतर कानगोष्टी चालूच राहतात, फक्त कॉम्प्युटरच्या वेगाने.

जाता जाता एक गोष्ट. बेझिएच्या पश्चात, २००७ पासून सॉलिड मॉडेलिंग असोसिएशन ही संस्था त्याच्या नावाने पुरस्कार देते. आकारांच्या गणितात मोठं काम करणाऱ्याला तो मिळतो. २०१२ मध्ये तो पुरस्कार एका निवृत्त, वयाची ऐंशी ओलांडलेल्या फ्रेंच गणितज्ञाला देण्यात आला.

त्याचं नाव होतं पॉल द कास्तेल्जो.